चाके फिरत असताना पाहणीस यावे म्हणून

प्रति,
मा. अंमलबजावणी अधिकारी,
कामगार न्यायालय.

विषय : दगड-पॉलिश शेडमधील तडजोडीची पाहणी पुन्हा, आणि न कळवता, करण्याबाबत.
संदर्भ : "तडजोडीची पूर्ण अंमलबजावणी झाली, सबब प्रकरण बंद" हे आपले पत्र.

महोदय,

माझी थोरली नात जन्मली त्या वर्षी आम्हा कामगारांत आणि मालकांत आपल्या न्यायालयासमोर तडजोड झाली. ती नात आता माझ्या अक्षरांच्या चुका काढण्याइतकी मोठी झाली आहे. लिहायला मी तिच्याकडूनच शिकलो. त्यामुळे हा अर्ज पुरा व्हायला काही दिवस लागतील, क्षमा असावी.

१. तडजोडीत एकच गोष्ट होती. दगड घासण्याची चाके चालू असतील तोवर धूळ बाहेर ओढणारा मोठा पंखा चालू राहील. त्यावर आम्ही संप मागे घेतला. पंखा बसला. पण त्याच्या शेजारच्या भिंतीपलीकडे मालकांची खोली आहे. पंख्याच्या घरघरीत त्यांना फोनवरचे ऐकू येत नाही, म्हणून तो बंद असतो.

२. माझा धाकटा भाऊ पहिल्या चाकावर आहे. पूर्वी तो चाकाच्या वर आवाज चढवून गायचा, म्हणून शेडमध्ये सगळे त्याला बुवा म्हणतात. आता दोन पायऱ्या चढला की भिंत धरून उभा राहतो. "थांब दादा, तंबोरा लावतोय," म्हणून हसतो, आणि हसल्यामुळे पुन्हा खोकतो.

३. आमच्या तक्रारीवरून आपल्या कार्यालयाचे साहेब पाहणीला आले. त्याची नोटीस आधी आली होती. साहेब येणार म्हणून आम्ही शेड धुतली, जाळ्या झाडल्या. भावाने ठेवणीतला सदरा घातला. साहेब बोलू लागले तेव्हा त्यांचे शब्द नीट ऐकू यावेत म्हणून आम्हीच अदबीने चाके थांबवली. मालकांनी पंखा लावला. साहेबांनी खिडकीच्या चौकटीवर बोट फिरवले, ते स्वच्छ निघाले. "इतकी टापटीप शेड मी पाहिली नाही," असे ते म्हणाले आणि आम्ही खूश झालो. घरी सांगितल्यावर भावजयीने कपाळाला हात लावला. "दादा, अहो तुम्ही पुरावाच धुऊन टाकलात की!"

४. प्रकरण बंद झाल्यावर मी पुन्हा आलो, तर आपल्या लिपिकांनी पुरावा मागितला. मी शेडमधल्या धुळीची पुडी नेली. ती टेबलावर उघडताच त्यांनी नाकाला रुमाल लावला, खिडकी उघडली आणि पंखा लावला. धूळ उडून गेली. "बाबा, ती धूळ त्याच शेडमधली कशावरून? आणि आता ती आहे तरी कुठे?" असे ते म्हणाले. पंखा लावायला त्यांना न्यायालयाचा हुकूम लागला नाही, एवढेच नमूद करतो.

५. तरी विनंती की साहेबांनी न कळवता यावे. चाके फिरत असताना, भावाच्या शेजारी, तोंडाला फडके न बांधता, एक चहा होईपर्यंत उभे राहावे. आम्ही झाडणार नाही, धुणार नाही, हातातले काम सोडून उठणार नाही. हा उद्धटपणा समजू नये. मात्र लवकर यावे. भाऊ रजा घेत नाही. "साहेब येतील आणि मी नेमका घरी असेन," म्हणतो.

आपल्या येण्याकडे डोळे लावून बसलेला,
(सही)
दुसऱ्या चाकावरचा कामगार
गुरुवार

सोबत : धुळीची दुसरी पुडी. बंद खोलीत उघडू नये.

ता. क. वर दोन आणि पाचमध्ये भाऊ आहे असे लिहिले आहे. नात म्हणाली, "आजोबा, ते बदला." मी बदलले नाही, कारण लिहिले त्या दिवशी ते खरे होते. पाहणीची मागणी कायम आहे. पहिल्या चाकावर मालकांनी नवा माणूस बसवला आहे. माझा धाकटा भाऊ या सोमवारी सकाळी शेडमध्ये, पंखा बंद असताना, वारला.