सैल केलेल्या तारा

आर्नसाइड,
१८ फेब्रुवारी २०२४

प्रिय ब्रायोनी,

तू बरी असशील अशी आशा करतो. नॉरिचला बर्फ पडल्याचं बातम्यांत ऐकलं. इकडे बर्फ नाही, नुसती ओल. मी ठीक आहे. गुडघा कुरकुरतो, पण रोज खाडीवरच्या रेल्वेपुलापर्यंत चालून येतो.

ऑक्टोबरात तुझ्या आईच्या अंत्यविधीला चर्चमध्ये तू शेवटच्या बाकावर बसली होतीस. नंतर हॉलमध्ये चहा आणि सँडविचं ठेवली होती. मी तुझ्यापर्यंत पोचेतो तू स्टेशनच्या रस्त्याला लागली होतीस. हाक मारावीशी वाटली. पण आईचा दुसरा नवरा यापलीकडे तू मला ओळखत नाहीस, आणि हाक कोणत्या हक्कानं मारायची ते चटकन सुचलं नाही. तू आलीस, हे हेस्टरला फार बरं वाटलं असतं.

आता कामाचं लिहितो. तिच्या सामानाची आवराआवर चालू आहे. त्यात एक निळी वही सापडली. तिच्या शेवटच्या पानांवर एक पूर्ण गाणं आहे. वर तिच्याच अक्षरात लिहिलंय : "ब्रायसाठी. मी हे लोकांपुढे गाणार नाही. तिला वाटलं तर तिनं म्हणावं."

त्या जुन्या गाण्याबद्दल तुला काय वाटतं ते मला माहीत आहे, म्हणून हे लिहायला जरा धीर गोळा करावा लागला. तू सहा वर्षांची असताना ब्रॅडफर्डला आजीच्या खिडकीत बसून आईच्या गाडीची वाट बघायचीस. त्याचं तिनं गाणं केलं, ते टीव्हीवर गाजलं, आणि शाळेतली पोरं तुझ्यामागे तेच म्हणत फिरली. पुढे तू एकोणीस वर्षांची असताना "ते गाणं तरी ठेव नाहीतर मला तरी" असं म्हणालीस. तेव्हा रेकॉर्ड कंपनीनं तिला सोडून दिलं होतं. ती गावोगावच्या पबांत, माडीवरच्या खोल्यांत गायची, आणि लोक यायचे ते तेवढ्या एका गाण्यासाठी. तिनं गाणं ठेवलं. हे सगळं मला तिनंच सांगितलं, स्वतःची बाजू न घेता.

नव्या गाण्यातली एकच ओळ इथे लिहितो, बाकीचं तुझं तू वाच. "तुझी खिडकी तुला परत."

अडचण अशी आहे. शब्दांवर तिनं आकडे घातलेत, कुठल्या तारेवर कितव्या पडद्यावर बोट ठेवायचं त्याचे. पण तुला आठवत असेल, तिच्या गिटारच्या तारा चारचौघांसारख्या जुळवलेल्या नसायच्या. प्रत्येक गाण्यासाठी ती खुंट्या पिळून त्या वेगळ्या लावायची आणि ते कुठेही लिहून ठेवायची नाही. ज्या गाण्यावर काम चालू असेल त्याच्या सुरात लावलेली गिटार स्वयंपाकघराच्या भिंतीवर टांगलेली असायची. तीच तिची नोंद.

त्या तारा मी सैल केल्या. घरात ओल, वाजवणारं कोणी नाही, ताणानं लाकूड वाकेल असं वाटलं. सहाच्या सहा सोडल्या. वही त्यानंतर हाती लागली.

शुक्रवारी बर्नार्ड आला होता. इथला गाण्याचा क्लब तोच चालवतो. क्लबची रीत अशी की गेलेल्या माणसाचं एक गाणं त्याच्या घरच्यांपैकी कुणीतरी उभं राहून म्हणायचं, सूर लागो न लागो, आणि शेवटचं कडवं सगळ्या खोलीनं. त्यानं वही बघितली आणि भिंतीवरची गिटार खाली घेतली.

"अरे देवा, डेस्मंड! ही काय कपडे वाळत घालायची दोरी आहे सैल सोडायला?"

मी ओलीचं कारण सांगितलं.

"ओल! बाई तीस वर्षं तंबूत, गोठ्यात, गळक्या व्हॅनमध्ये हिला घेऊन हिंडली, तेव्हा नाही लागली ओल?" मग त्यानं आकड्यांप्रमाणे काहीबाही वाजवून बघितलं. भांडी पडल्यासारखं वाजलं. "किल्ली आहे, कुलूपच नाही," असं म्हणून त्यानं आणलेल्या पोर्कच्या पॅटिसपैकी दोन स्वतःच खाल्ल्या आणि गेला.

चूक माझी आहे. माफी मागतो. वही आणि गिटार तुझी आहेत. पार्सलनं पाठवू का, ते कळव.

तुझा,
डेस्मंड


आर्नसाइड,
३ मार्च २०२४

प्रिय ब्रायोनी,

तुझं कार्ड मिळालं. शाळेच्या स्वयंपाकघरात दीडशे पोरांचं जेवण उरकून लिहितेस म्हणालीस, तरी अक्षर नीट आहे. तिच्यासारखा 'ग' काढतेस.

तू लिहिलंस : "गिटार पाठवू नका. पण एक विचारते. आईच्या तारांना कुणी हात लावलेला तिला चालत नसे, हे मला नऊ वर्षांची असताना माहीत होतं. तुम्हाला सत्तावीस वर्षांत कळलं नाही?"

कार्ड आठवडाभर टेबलावर ठेवलं होतं. रोज चहा घेताना वाचायचो. कळलं होतं, ब्रायोनी. ओलीचं खोटं होतं. आता जसं झालं तसं लिहितो. मला असलं लिहायची सवय नाही, तेव्हा मागेपुढे झालं तर सांभाळून घे.

माझी नोकरी रेल्वेची. एकतीस वर्षं मी पूल तपासले. बोल्टावर हातोडीचा हलका टोला द्यायचा आणि ऐकायचं. घट्ट बोल्ट एक बोलतो, सैल बोल्ट दुसरं बोलतो. गाण्यातलं मला काही कळत नाही. पंच्याण्णव साली कार्नफर्थच्या रेल्वे क्लबात तुझी आई गायला आली होती. वीसएक माणसं, त्यातली निम्मी डार्ट खेळत होती. मध्यंतरात मी तिच्यापाशी गेलो आणि म्हणालो, "बाई, तुमची चौथी तार सैल आहे." तिनं तपासलं. होती. ती म्हणाली, "सगळे येऊन सांगतात गाणं किती सुंदर होतं. खरं बोलणारा तूच पहिला."

पुढे नवीन काही केलं की ती विचारायची, "डेस, घट्ट की सैल?" मी सांगायचो. सैल म्हटलं की दोन दिवस बोलायची नाही, आणि तिसऱ्या दिवशी ती ओळ बदललेली असायची. आमचा संसार असा होता. म्हातारपणी तिच्या जुन्या रेकॉर्डी पुन्हा निघाल्या, दाढीवाली तरुण मुलं लंडनहून तिला भेटायला यायला लागली. एकदा त्यांच्यातल्या एकानं मला विचारलं, "यातली तुमच्यावरची गाणी कोणती?" हेस्टर आतून ओरडली, "त्याच्यावर कसलं गाणं करायचं? तो घरीच असतो!" सगळे हसले. मीही हसलो. ती खरंच तसं समजत होती, की जे दूर आहे त्याचंच गाणं होतं.

शेवटच्या उन्हाळ्यात ती स्वयंपाकघराचं दार लावून बसायची. मी बाहेर बागेत. कधीतरी एखादा तुकडा कानावर यायचा. घट्ट की सैल, ते या वेळी तिनं विचारलं नाही.

इथे मोठ्या भरतीच्या दिवशी भोंगा वाजतो, वाळूवर गेलेल्या माणसांनी परत फिरावं म्हणून. ती गेल्यावर नोव्हेंबरातल्या एका सकाळी मी टोस्ट भाजत होतो आणि भोंगा सुरू झाला. त्याचा आवाज खालून हळूहळू वर चढतो. तो चढत गेला तशी भिंतीवरची गिटार बोलायला लागली. कुणी हात लावला नव्हता; भोंग्याचा आवाज ज्या तारेच्या ताणाशी जुळे ती तार आपोआप घुमायची. आधी जाड तार, मग दोन तारा एकदम, मग जरा वेळ काही नाही, मग एक, आणि भोंगा अगदी वर पोचल्यावर शेवटच्या दोन, एकीमागे एक. भोंगा उतरला तशा उलट्या क्रमानं पुन्हा. हेस्टर ती नुकतीच टांगून परसात गेली असावी, असं वाटलं. मी मागचं दार उघडून बघितलंसुद्धा.

त्या भरतीचे चार दिवस मी कुठे गेलो नाही. भोंग्याच्या वेळेला खुर्ची भिंतीजवळ ओढून बसायचो. डिसेंबरातही तसंच. शेजारच्या मिसेस ऑर्मरॉड म्हणाल्या, "डेस्मंड, नाताळचं जेवायला ये, भिंतीशी काय बोलतोस?" मी बोलत नव्हतो. ऐकत होतो.

वही तारा सोडल्यावर सापडली असं मी लिहिलं होतं. ते खरं नाही. वही जानेवारीत सापडली, तारा घट्ट होत्या तेव्हाच. ती उघडली ती माझ्यासाठी काही आहे का ते बघायला. एवढ्या वर्षांत मी कधी बघितलं नव्हतं. शेवटच्या पानावर तुझं नाव होतं.

म्हणजे इतके दिवस भिंतीवरून जे बोलत होतं ते तुझ्याशी बोलत होतं. मी मध्ये खुर्ची टाकून बसलो होतो. दुसऱ्या दिवशी भोंगा व्हायच्या आत मी उठलो आणि सहा खुंट्या फिरवल्या. त्यानं काय जाईल हे मला पक्कं ठाऊक होतं. मग भोंगा झाला आणि भिंत गप्प राहिली. मी चहा केला. तो प्यायलो नाही.

हे मी कुणाला सांगितलेलं नाही. बर्नार्डला तर नाहीच. तू हे वाचून वही मागवून घेतलीस आणि मला पुन्हा कधी लिहिलं नाहीस, तरी मला ते समजेल.

पण एक गोष्ट सांगायची आहे, त्यासाठीच हे पत्र. मला सूर सांगता येत नाहीत. पण त्या तारा कुठल्या क्षणाला बोलायच्या ते मला माहीत आहे. भोंगा किती वर चढला की जाड तार, किती वेळ गप्प, मग कोणती. कुठला बोल्ट कसा बोलायचा ते मला अजून झोपेतून उठवलं तरी सांगता येईल, तसंच हे आहे. एकेका तारेला टिचकी मारलीस तर ती पुरेशी ताणली गेली की नाही ते मी सांगेन. चुकलो तर भोंगा चूक दाखवील. भरतीआधी तो दोनदा होतो.

या महिन्यात अकरा ते चौदा तारखांना मोठी भरती आहे, दुपारच्या सुमाराला. लँकेस्टरला गाडी बदलायची. स्टेशनवर मी येईन, नाहीतर नुसतं घराचं मागचं दार उघडं ठेवीन, तुला जे बरं वाटेल ते. वरची खोली गरम करून ठेवतो. बर्नार्डला यातलं काही कळवणार नाही. क्लबात म्हणायचं की नाही, कधीच कुणापुढे म्हणायचं की नाही, ते तिनं तुझ्यावर सोडलंय.

खुंट्यांना मी आता हात लावणार नाही. तू फिरव. मी खुर्ची मधून काढून दाराशी ठेवली आहे, तिथून ऐकू येतं.

घट्ट की सैल, एवढंच सांगू शकणारा,
डेस्मंड