बाजी आहे ना!

२७ ऑगस्ट, सकाळ
नदीचं पाणी सोसायटीत. तळमजला बुडाला. मी, विमल आणि आमचा कुत्रा बाजी वरच्या खोलीत अडकलो. चिंता नाही. नात मुग्धानं मागे मोबाइलवर एक जुनं कार्टून दाखवलं होतं. जहाज फुटतं, बेटावर अडकलेल्यांना कुत्रा एकेक करून काठावर आणतो. तेव्हाच म्हटलं, हा तर आपला बाजी!

दुपार
रेस्क्यूची बोट आली. बोटीतल्या पोरानं विचारलं, केम छो, काका? म्हटलं, मजामां! मजेत आहेत म्हटल्यावर बोट गेली पुढे.
विमल म्हणाली, अहो, तुमच्या जिभेला हाड नाही का? मी म्हटलं, आता चाळीस वर्षं बडोद्यात काढल्यावर कोणी प्रेमानं विचारलं तर रडगाणं गायचं?

२८ ऑगस्ट
विमलच्या बीपीच्या गोळ्या संपल्या. गरगरतंय म्हणते. आता थट्टा नाही. बाजीचं ट्रेनिंग सुरू. गळ्यात गोळ्यांचं रिकामं पाकीट बांधून जिन्यात पाण्यापाशी नेला. म्हटलं, जा मर्दा! मर्दानं एक पंजा बुडवला, वर पळाला आणि विमलच्या उशीवर अंग झटकलं.
पुरासोबत आलेल्या मगरीचा वास आला असणार. हुशार आहे.

संध्याकाळ
पुन्हा बोट. पुन्हा केम छो. जीभ चावली, पण उत्तर आधीच गेलं होतं. विमल भिंतीकडे तोंड करून पडली आहे. कपाळाला हात लावला तर झटकला.
निश्चय: उद्या तोंड उघडायचं नाही.

२९ ऑगस्ट, सकाळ
बोट आली. मी तोंडावर हात दाबून उभा. बाजी खिडकीत येऊन असा काही विव्हळला, की बोट थेट भिंतीला लागली! पोरांनी विमलला अलगद उतरवलं, बाजीला तिच्या मांडीवर दिलं. बोट भरली, मी दुसऱ्या फेरीला. पोरगं म्हणालं, काका, बीजा फेरामां लई जईशुं, केम छो तमे?
हात तोंडावरून कधी निघाला, कळलंच नाही. विमलनं बोटीतूनच कपाळ बडवलं. बाजीनं मागे वळूनसुद्धा पाहिलं नाही.

संध्याकाळ
विमलला गोळी मिळाली असेल एव्हाना. बाजीनंच वाचवलं तिला. मी म्हणत नव्हतो?
दुसरी फेरी अजून नाही. मजामां माणसाची घाई कोणाला? खिडकीत उभा राहून विव्हळण्याची प्रॅक्टिस करतोय.
बाजीइतकं जमत नाही.