उतरलेली तार

७ फेब्रुवारी
चोर म्हणाला मला! टीव्हीवर, दात काढून. कोण कुठला गवय्या, त्याचं म्हणणं — माझ्या मालिकेची शीर्षकधून मुळात दक्षिणेतल्या सोहाग गावाकडचं लग्नातलं गाणं आहे, मी नुसती वाद्यं चढवली. चाळीस वर्षांत लोकांच्या तोंडी बसलेली माझी ही एकच धून. मालिका सगळ्यांना आठवते, माझं नाव कुणालाच नाही. आता आठवणार, तेही असं!
संगीतकार संघाने रविवारी कागद घेऊन बोलावलंय.

८ फेब्रुवारी
इन्साफने कपाट उपसलं. मधेच म्हणाली, "लहानपणी कुठेतरी ऐकलं असेल आणि विसरला असाल, तर?" बायकोने नेमकं तेच विचारावं! समोरची घेवड्याची उसळ-भाकरी तशीच राहिली.

९ फेब्रुवारी
धुनीचं हस्तलिखित सापडलं. चहाच्या डागासकट.

११ फेब्रुवारी
सुटलो!
संघाच्या समितीतल्या बहीगाबाईंनी सोहागच्या बायकांचं रेकॉर्डिंग लावलं. शब्द वेगळे, धून माझीच. मग तिसऱ्या ओळीच्या शेवटी त्या सगळ्याजणी एका सुरावर किंचित खाली घसरल्या — आणि मला हसूच फुटलं. तो सूर माझ्या कागदावर नाहीच! मालिकेसाठी धून रेकॉर्ड केली त्या दिवशी आमच्या शुक्रीच्या कानून-वाद्याची एक तार उतरली होती. सगळ्यांदेखत झापलं होतं मी त्याला. पुन्हा घ्यायला वेळ नव्हता, तसंच गेलं. म्हणजे बायकांनी धून टीव्हीवरून उचलली, चुकीसकट.
बाईंनी कागद आणि रेकॉर्डिंग तीनदा पडताळून पाहिलं. म्हणाल्या, "उस्ताद, चोरी तुमच्याकडे झालीय."
येताना बसबूसा घेतला. दोघांनी मिळून अख्खा खोका संपवला. चार दिवसांनी गोड गोड लागलं.

१२ फेब्रुवारी
शुक्रीला फोन केला. तुझ्या चुकीने तारलं म्हटलं. तो म्हणाला, "तार उतरली नव्हती रे. गावी, दमनहूरला, आई कपडे वाळत घालताना काहीबाही गुणगुणायची, तेव्हा असाच सूर सोडायची. बोटं आपोआप तिकडे गेली. तू झापलंस तेव्हा अख्खा ताफा बसलेला. त्यांच्यासमोर आईला कुठे आणू?"
बरोबर आहे त्याचं. आमच्यात आईचा विषय कुणी चारचौघांत काढत नाही. नाव तर नाहीच — शाळेत कुणाच्या आईचं नाव फुटलं की आम्ही गल्लीभर ओरडत सुटायचो. म्हणून तीस वर्षं ह्याने चूक अंगावर घेतली. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. लोक गुणगुणतात ती नेमकी तीच जागा.

१४ फेब्रुवारी
संघाला अर्ज लिहिला: धून माझी, तिसऱ्या ओळीतली जागा माझी नाही, तिथे खरं नाव लागावं. नावापुरती रेघ कोरी ठेवली आणि शुक्रीकडे नेला. त्याने आधी दार लोटलं. मग पेन मागितलं.
वहीबा.
पन्नास वर्षांची दोस्ती, आणि आज कळलं. मी मोठ्याने वाचलं नाही.