बाईसाहेबांचं दुपारचं ताट

४ ऑक्टोबर १९११, बुधवार

सामान आलं. लोखंडी चूल, गाडीभाडं दीड डॉलर. शिवणयंत्र, पाऊण डॉलर. गाडीवान एक मागत होता, त्याला म्हटलं, यंत्राला काय तू मांडीवर घेऊन आलास? खाट, दोन गाद्या, आईचं बायबल. पीचच्या मुरंब्याच्या सहा बरण्या, पैकी एक फुटली. प्रभूची कृपा, घराला भाडं नाही आणि सरपण फुकट.

दोनच खोल्या, पण चुना नवा आहे आणि खिडकीतून नदी दिसते. वर टेकडीवर फेअरहोल्म, देशाच्या एका जुन्या अध्यक्षांची हवेली. अध्यक्ष जाऊन शंभराच्या वर वर्षं झाली. आता गोऱ्या बायकांचं एक स्मारक मंडळ घर सांभाळतं, आणि वॉशिंग्टनहून बोटी भरभरून लोक बघायला येतात. माझा नवरा लेम्युएल बाल्टिमोरच्या हॉटेलात वाढपी होता. त्याची ताठ पाठ आणि सावकाश चाल बघून मंडळाच्या मिसेस पेल्हमनी त्याला तिथूनच उचललं. महिना पंचवीस डॉलर!

आमच्या ओळीतल्या घरांत पूर्वी अध्यक्षांचे गुलाम राहत. माझ्या बहिणीने, लव्हिनियाने, यावरून नाक मुरडलं होतं. मी म्हटलं, अगं, भिंतींचा काय दोष? ते राबले, आम्ही पगार घेणार.

९ ऑक्टोबर

लेम्युएलला गणवेश मिळाला. जुन्या काळचा लाल डगला, पिवळी किनार, गुडघ्यापर्यंतची विजार. आणि नाव मिळालं, केटो. अध्यक्षांच्या खास नोकराचं ते नाव होतं. मिसेस पेल्हम म्हणाल्या, पाहुण्यांना अध्यक्षांचा जुना माणूस बघायला आवडतो, तेवढीच गंमत. आजूबाजूच्या सगळ्या थोरामोठ्यांच्या घरांत हीच रीत आहे म्हणे.

ओहायोच्या एका साहेबाने त्याला विचारलं, अध्यक्षांची दाढी तूच करायचास का रे? आमचा हा गंभीरपणे म्हणाला, हो साहेब, फार राठ होती. अर्धा डॉलर मिळाला! रात्री हसून हसून पोट दुखलं. मी म्हटलं, दीडशे वर्षांच्या मानाने कातडी बरी राखली आहेस. मग मात्र खोट्याच्या कमाईतले पाच सेंट चर्चच्या पेटीसाठी बाजूला काढले.

गोऱ्यांसमोर मी त्याला नेमाने "मिस्टर टॉलिव्हर" म्हणते. आमच्या काळ्या माणसाला मिस्टर म्हणताना त्यांची जीभ अडते, माझी का अडावी? मिसेस पेल्हम नुसत्या हसतात.

१७ ऑक्टोबर

लेम्युएलचं मुख्य काम दुपारचं. बाराच्या ठोक्याला तो स्वयंपाकघरातून चांदीचं ताट घेऊन तीन जिने चढतो. अध्यक्ष वारल्यावर त्यांच्या पत्नीने आपली झोपायची खोली कायमची बंद केली आणि माळ्यावरच्या लहान खोलीत राहायला गेल्या. पुढे त्याही वारल्या. ताट मात्र तेव्हापासून रोज जातं. मक्याच्या पोळ्या, लोणी, मध, चहा. पाहुणे जिन्याखाली उभे राहून टोप्या काढतात.

स्वयंपाक आता माझ्याकडे आहे, तेव्हा मला पोळ्यांचा हिशेब लागतो. मी त्याला सांगितलं, ताट वर दाखवून झालं की पोळ्या घरी आण, चांगलं अन्न टाकणं पाप आहे. तो म्हणाला, टाकत कोण आहे? तो ताट दाराशी ठेवतो आणि पाठ करून उभा राहतो, तशी रीतच आहे. वळतो तेव्हा ताट रिकामं असतं.

उंदीर, म्हणे. चहा पिऊन कप बशीत पालथा घालणारे उंदीर मी तरी पाहिले नाहीत.

२५ ऑक्टोबर

त्याच्या डगल्याला लॅव्हेंडरचा वास येतो. बाल्टिमोरला असं काही झालं असतं तर मला लगेच समजलं असतं काय ते. मंडळाची एखादी तरुण बाई वर बसते का? सरळ विचारलं. तो चिडला नाही, याचंच मला जास्त वाईट वाटलं. म्हणाला, बाईसाहेबांच्या चादरींना तो वास असतो.

चादरी कशाला बदलायच्या, रिकाम्या खोलीत?

हल्ली तो खिशात लहान कात्री बाळगतो. कशासाठी, सांगत नाही.

२ नोव्हेंबर

ओढ्यापलीकडची डॉर्कसमावशी कपडे धुवायला येते. नव्वदीची असेल, पण जीभ अजून विस्तवासारखी. वर येत नाही, हवेलीचे कपडे अंगणातूनच नेते. आज तिला कॉफी दिली आणि चादरींचं विचारलं. तिने मला नखशिखान्त न्याहाळलं आणि म्हणाली, पोरी, शाळा शिकलीस, पण मृत्युपत्र कसं असतं ते नाही शिकलीस.

मग सांगितलं. अध्यक्षांनी मृत्युपत्रात लिहून ठेवलं होतं की माझे सगळे गुलाम मोकळे करावेत, पण माझी पत्नी वारल्यावर. त्या जिवंत असेपर्यंत नाही. मग बाईसाहेबांना प्रत्येक नोकराच्या डोळ्यांत आपलं मरण दिसायला लागलं. त्या माळ्यावर गेल्या, दार लावून घेतलं, आणि फक्त केटोच्या हातचं खायला लागल्या.

मी म्हटलं, आणि वारल्या. तळघरातल्या कबरीवर त्यांच्या नावाचा दगड आहे, मी स्वतः पाहिला.

मावशी म्हणाली, दगड मीही पाहिलाय. शवपेटी कुणी पाहिली? कुणी पाद्री बोलावला होता? माझ्या आजीच्या देखत वर ताट जायचं आणि खाली रिकामं यायचं. ज्याला रोजचं जेवण जातं त्याला मेलेला कोण म्हणेल? आणि त्या मेल्या नाहीत, तर आम्हाला सोडलं कुणी?

मी तिला आठवण दिली की युद्ध होऊन गेलं, गुलामी कायद्याने संपली. ती कॉफीचा गाळ ओतत म्हणाली, फाटकाबाहेर संपली, बाळ.

म्हातारं माणूस. पण कॉफीचा दुसरा कप तिने घेतला नाही, बाराच्या आत निघून गेली.

१३ नोव्हेंबर

घरी "लेम्युएल" अशी हाक मारली. तो लाकडं रचत होता. पुन्हा मारली. शेजारी जाऊन मारली. मान वर केली नाही. मग मी थट्टेने, खरंच थट्टेने, केटो म्हटलं.

ताडकन उठून उभा राहिला. मान खाली.

२० नोव्हेंबर

ठरवलं, जायचं. पगार बुडाला तरी चालेल. त्याला म्हटलं, चल, उद्याच्या बोटीने बाल्टिमोर गाठू. तो माझ्याकडे एखाद्या वेड्या बाईकडे पाहावं तसा बघत राहिला आणि म्हणाला, आणि परवाना?

कसला परवाना?

हळू आवाजात म्हणाला, मालकिणीच्या सहीचा. त्याशिवाय रस्त्यात धरतील.

अठ्ठावीस वर्षांचा माणूस. बाल्टिमोरला मतदानाच्या दिवशी नवी टोपी घालून जायचा.

मिसेस पेल्हमकडे गेले. त्यांनी बसायला सांगितलं नाही. गोड बोलल्या. केटो इथे किती छान रमलाय, आणि स्वयंपाकघरात आमच्याकडे बरीच वर्षं सुकी, म्हणजे अध्यक्षांची स्वयंपाकीण, नव्हती, तीही आता मिळाली. मी म्हटलं, माझं नाव मिसेस अर्डेलिया टॉलिव्हर. त्या म्हणाल्या, हो, हो, होतं.

२३ नोव्हेंबर

आज ताट गेलं नाही. सकाळीच डगला गादीखाली दडपला आणि लेम्युएलला घरात कोंडून कुलूप लावलं. बाराचे ठोके पडले. स्वयंपाकघराच्या भिंतीवर प्रत्येक खोलीची एकेक घंटा आहे, तारेने बांधलेली. माळ्यावरची घंटा हलली. आधी हळू, मग जोरात, मग थांबेचना. दोन पाहुण्या बायकांनी टाळ्या वाजवल्या, त्यांना हा खेळाचाच भाग वाटला.

घरी आले. लेम्युएल खाटेवर होता. गाल आत गेलेले, ओठ पांढरे, महिनाभर अन्न न मिळाल्यासारखा. सकाळी त्याने माझ्यासमोर चार पोळ्या खाल्ल्या होत्या.

पोळ्या मिळाल्या नाहीत की ती माळ्यावरची त्याला खाते.

ताट मीच नेलं. पायरीवर ठेवून पळाले. संध्याकाळपर्यंत त्याच्या गालांवर रंग आला. देवा, मला क्षमा कर, मी तिला जेवू घातलं.

२६ नोव्हेंबर, रविवार

चर्चमध्ये लक्ष नव्हतं आणि नेमकं तिथेच सुचलं. तिच्यावर कुणी अंत्यविधीची प्रार्थना म्हटलीच नाही. नुसता दगड ठेवला. मग मरणार कशी? मी म्हणेन. मला पाठ आहे, आणि प्रार्थनेचं पुस्तकही आहे. मातीला माती, राखेला राख. ती मेली की मृत्युपत्र लागू. मग माझा नवरा मोकळा.

इतकं सोपं, आणि इतक्या वर्षांत कुणाला सुचू नये? पण त्या गुलामांपैकी वाचायला येत होतं कुणाला! शिकू देत नव्हते.

२७ नोव्हेंबर

गेले. ताट ठेवलं आणि पाठ केली नाही.

दार उघडं होतं. खुर्ची खिडकीकडे वळवलेली. पांढरी टोपी. खुर्चीच्या दांड्यावर हात, पिवळट, कागदासारखा. नखं मात्र नीट कापलेली. तेव्हा कात्रीचा अर्थ कळला.

मी उभी राहिले आणि वाचलं. आवाज कापला नाही. शेवटपर्यंत वाचलं, एक ओळ गाळली नाही.

खुर्चीतून "आमेन" आलं.

मग, अगदी प्रेमाने: छान वाचतेस, सुकी. तुला वाचायला कुणी शिकवलं? ते चालत नाही हं.

२८ नोव्हेंबर

बायबल उघडलं. पान दिसतं, अक्षरं दिसतात, पण ओळखीच्या माणसांनी ओळख न दाखवावी तसं — थोरल्या अक्षरांचं अजून जमतं. आईने पहिल्या पानावर आमची नावं लिहिली होती. लव्हिनिया वाचता आलं. तिच्या वरचं नाही.

लेम्युएलने — केटोने — मला विचारलं, नवी आलीस का? कुठून विकत आणली तुला?

त्याला आमच्या लग्नाचं सांगितलं. त्याने ऐकून घेतलं. म्हणाला, मालकिणीला विचारायला हवं होतं.

बहुधा ३०

फाटकापर्यंत गेले. उघडंच होतं. बोट दिसत होती. पाय उचलेना — परवाना नाही —

पाठीमागे घंटा.

डॉर्कसमावशी आज कपडे न्यायला येईल. हे पान फाडून गाठोड्यात घालीन. ती टाकेल टपालात. लिहायला फार वेळ लागतो. एक एक अक्षर आठवून —

लव्हिनिया, तू ये. पोलीस, पाद्री, कुणालाही घेऊन ये, पण आत येऊ नकोस, फाटकातूनच हाक मार. त्याला लेम्युएल म्हण. ओरडून म्हण. आणि मला — माझं खरं नाव तुला माहीत आहे, आईने ठेवलेलं, तू लहानपणी नीट म्हणत नव्हतीस ते. मला सुकी म्हणतात, ते खरं नाही. खरं काय ते मोठ्या अक्षरांत लिही, एकच शब्द लिही, मी कुणाकडून तरी वाचून घेईन. लगेच, उलट टपाली कळव, माझं नाव —