सीलबंद फ्लॉपी आणि उघड्या पोत्यातली सरकी

अण्णा,

आज टपालानं पार्सल आलं. सीलबंद फ्लॉप्या, एक जाड पुस्तक आणि छापील बिल. नऊशे रुपये, वर टपालखर्च. कॉम्प्युटरवर मराठी टाइप करायचा प्रोग्राम आहे. तुमची नात घरी टायपिंगची कामं घेते. यांनी तिला मशीन घेऊन दिलं, पण अट घातली, काम जमलं नाही तर मशीन विकायचं आणि स्थळं बघायची.

पहिलंच काम एका मास्तरांच्या प्रबंधाचं. प्रोग्राम माझ्या दिरांनी पूर्णेहून कुणाकडून तरी उतरवून आणला. "वहिनी, जुना तर हाय, कोण विचारायलंय? पैसे कशाला घालायलात?" मलाही बचत गोड लागली. त्या फ्लॉपीतून व्हायरस आला, म्हणजे मशीनचा रोग, आणि टाइप झालेली सगळी प्रकरणं पुसली गेली. पोर जेवेना. दीर म्हणाले, "दुसरी कॉपी आणतो की."

तेव्हा तुम्ही आठवलात. पिंगळीच्या घरी मी भाकरी थापतेय, आणि शेजारचे काका उघड्या पोत्यातली सरकी निम्म्या भावात पेरायला घेऊन आलेत. घ्या की, म्हणते मी. तुम्ही माझ्यावरच डाफरता, "उगवली न्हाई तर भांडू कुणासंगं? पोत्यासंगं?" बियाण्याची शिवलेली पिशवी घ्यायचात आणि तिची चिठ्ठी कापूस घरात येईस्तोवर देवघरात ठेवायचात. आई तिलाही कुंकू लावायची. त्या एका रागावण्यावर माझा सगळा संसार चालला, अण्णा. पावतीशिवाय वस्तू घरात घेतली नाही. यंदाच चुकले.

मग परभणीच्या दुकानदाराला विचारलं. तो म्हणाला, "ताई, नवा परवडंना तर मागचा घ्या, कंपनीच स्वस्तात द्यायलीय. काही प्रोग्राम बनवणारेच फुकट वाटतात, पण तेबी त्यांच्याकडूनच घ्यावं." त्यानंच कंपनीचा पत्ता दिला, मी मनिऑर्डर केली.

मास्तर भले माणूस. "हस्तलिखित आहे माझ्याकडं, महिनाभरात करा," म्हणाले. आता ती आत पहिलं प्रकरण नव्यानं टाइप करतेय. हे दोनदा डोकावून गेले, मशीन विकायचं काही बोलले नाहीत.

तुम्ही गेलात तिथला पत्ता पाकिटावर काय घालू? पोथीतच ठेवते हे. तिच्यासमोर धीराची झालेय, पण आतून फार धाकधूक होतेय. महिन्यात होईल ना तिचं, एवढं उलट टपाली कळवा.