चर्चापानावर लिहायची ओळ

मी, हेमावती अमृतप्पा बिरादार, वय अडुसष्ट, निवृत्त शिक्षिका, मूळची करजगीची, राहणार बीदर. माझी बुद्धी आज जागेवर आहे, कुणी भरीस घातलेलं नाही. माझ्यामागे कशाचं काय करावं, ते स्वखुशीने लिहून ठेवते. याआधी मृत्युपत्र केलेलं नाही.

१. बीदरचं राहतं घर आणि बँकेतली शिल्लक धाकटा भाऊ राघोबा याला मिळावी. करजगीच्या शेतातला माझा हिस्सा तो मला न विचारता पेरतोच आहे. तोही आता कायद्याने त्याचा.

मी संगणकावर लिहीत बसले की राघोबा नेहमी म्हणे, "अक्का, फुकटचं कामून लिहायलीस? कोण वाचायलंय?" एक माणूस वाचत होता. त्याचं पुढे येईल.

२. मी जन्मभर शाळेत कन्नड शिकवलं, घरी मराठी बोलले. निवृत्तीनंतर आंतरजालावरच्या मुक्त ज्ञानकोशासाठी कन्नड लेख मराठीत आणू लागले. हे लेख कुणाच्याही वाट्याला देता येत नाहीत. ते कुणीही वापरावेत, अशी मुभा मी लिहितानाच दिलेली आहे.

३. माझा लॅपटॉप आणि कन्नड शब्दकोश उदगीरच्या रेणूला द्यावेत. ती नात्यातली नाही, म्हणून कारण लिहिते.

तिचे वडील बसवप्रभु याच ज्ञानकोशावर लिहीत. बिदरीकामाच्या लेखात, भांडी काळी करायला जी लागते तिला, मी 'किल्ल्यातली माती' लिहिलं, त्यांनी 'मृदा' केलं. मी परत माती केली, त्यांनी परत मृदा. शेवटी मी लेखाच्या चर्चापानावर लिहिलं, "कारागीर मातीच म्हणतात." उत्तर आलं, "व्हय अक्का, माती राहू द्या." तिथे लिहिणाऱ्या प्रत्येकाचंही असं एक चर्चापान असतं; तेव्हापासून एकमेकांच्या चर्चापानावर आमचं रोजचं बोलणं सुरू झालं. घरात दुसरं बोलणारं कुणी नव्हतं.

एकदा ते गाणगापूरला दत्तदर्शनाला आले, मीही गेले. लॉजच्या ओट्यावर बसलो. म्हणाले, "लिहिण्यात तुम्ही लई रागीट वाटता."

"आणि समोर?"

"समोर बी."

पुष्कळ हसलो. भेट तेवढीच.

पुढे त्यांची उत्तरं थांबली. मी शब्द विचारत राहिले. मग लिहिलं, "माझं काही चुकलं का?" पावसाळा सरला. दिवाळीत रेणूने त्यांचा संगणक उघडला, माझा नंबर शोधून फोन केला.

"अक्का, अप्पा आषाढातच गेले. तुम्ही अजून त्यांना लिहायलाव?"

मी समोर उघडलेलं त्यांचं चर्चापान बंद केलं. तिने फोन ठेवला नाही. आता ती माझ्याकडून फोनवर अनुवाद शिकते.

४. माझ्यावर लेख करू नये. मी गेले की राघोबाने त्याच दिवशी रेणूला कळवावं आणि तिने माझ्या चर्चापानावर लिहावं: 'हेमावती वारल्या. आता उत्तर येणार नाही.' राघोबा, एवढं तरी वेळेवर कर.

ज्ञानकोशावर माझ्या ओळखीचे पुष्कळ आहेत. पण साक्षीदार समोर बसलेले लागतात. म्हणून शेजारच्या दोघांना बोलावून आणलं आहे. दोघांनाही मी आज पहिल्यांदाच चहा दिला.

लिहून देणार: हेमावती अमृतप्पा बिरादार (सही)

माझ्यासमोर सही केली:
अंबिका (सही)
प्रशांतकुमार (सही)

बीदर, १७ जानेवारी २०२५