थोरलीचा मान आणि बैलाची मांडी

लिहून ठेवतो मी, दामोफिलोस, थेस्पियाई गावातल्या तेलाच्या घाण्याचा मालक, वयाने पिकलेला पण देठाला घट्ट. मरायची मला घाई नाही आणि वरून बोलावणेही आलेले नाही. पण आलेच, तर मागे तंटा नको, म्हणून पुढील व्यवस्था पूर्ण शुद्धीत, राजीखुशीने, कोणाच्याही धाकाशिवाय करीत आहे. सकाळपासून द्राक्षाची दारूसुद्धा पाणी घालूनच घेतली आहे.

कलम पहिले, माझे कूळ. आमचा मूळपुरुष हेराक्लिस. ऐन तारुण्यात तो इथल्या डोंगरावर सिंह मारायला आला आणि आमच्या राजाकडे उतरला. राजाला मुली पन्नास. पाहुणचार असा झाला की वर्षाच्या आत राजवाड्यात पाळणे कमी पडले. त्यामुळे आज गावात कुठेही दगड भिरकावला तरी तो हेराक्लिसच्याच वंशजाला लागतो. हेराक्लिसचा बाप झ्यूस, म्हणून झ्यूस आमचा आजोबा. झ्यूसची लग्नाची बायको हेरा ही आमची सावत्र आजी. तिने हेराक्लिसच्या पाळण्यात साप सोडले होते, म्हणून आमच्याकडे बाळाला निजवण्याआधी पाळणा झटकतात. पर्सियस हा हेराक्लिसच्या आईचा आजोबा, आणि तोही झ्यूसचाच मुलगा, म्हणजे पणजोबा आणि पणतू एकमेकांचे भाऊ. हे नाते ज्याला उलगडले नाही त्याने झ्यूसला विचारावे. मला धाडस झाले नाही.

कलम दुसरे. घर, घाणा, त्याचे दोन्ही दगड, डोंगराकडची ऑलिव्हची झाडे आणि चावणारे गाढव हे सर्व माझी नात मेलित्ता हिला. मुलगा आणि सून तापाने गेले तेव्हापासून घरात ती आणि मी. गाढव तिला चावत नाही. मला चावते, म्हणून ते तिच्याच नावावर असलेले बरे.

कलम तिसरे. चुलीवरच्या भिंतीला टांगलेली हेराक्लिसची गदा शेजारी लाम्पोन याला. तिने माझ्या आजोबांनी ऑलिव्ह झोडपले आणि एकदा जावई झोडपला. लाम्पोनकडेही हेराक्लिसची एक गदा आहेच. जोडी होईल.

कलम चौथे जपून वाचावे. पन्नास मुलींपैकी एक हेराक्लिसला नाही म्हणाली. एवढी हिंमत! तो रागावला आणि त्याने तिला जन्मभर कुमारी राहण्याची शिक्षा देऊन आपल्या देवळात पुजारीण म्हणून बसवले. तेव्हापासून पुजारीण जन्माची कुमारी, आणि ती द्यायची राजाच्या थोरल्या मुलीच्या वंशाने. बदल्यात उत्सवाच्या बैलाची पहिली मांडी त्या घरी येते. आता घोळ असा की थोरलीला जुळे झाले आणि सगळ्यात धाकटीलाही जुळे झाले, आणि आमची दोन्ही घरे जुळ्यांच्याच वंशातली. आम्ही म्हणतो आमची मूळ आई थोरली, लाम्पोनचे घर म्हणते त्यांची. माझ्या आजोबांचा आवाज मोठा होता, म्हणून मान आमच्याकडे राहिला. लाम्पोन आजही उत्सवात सगळ्यांदेखत ओरडतो, "खा, मांडीचोरा, खा! घशात हाड अडकेल!"

माझी थोरली बहीण तिमो अशीच देवळात गेली. त्या दिवशी ती दाराचा खांब धरून रडली. घरात मांडी शिजली, पण आईने त्या मांसाला हात लावला नाही. मला अजून त्या वासाने बहीण आठवते. आता तिमो थकली आहे, आणि येत्या उत्सवात नवी पुजारीण द्यायची पाळी आमची. म्हणजे मेलित्ताची.

मी तिला हे सांगितले तेव्हा ती पीठ मळत होती. म्हणाली, "आजोबा, मी तळ्यावरच्या थिओनला हो म्हणून बसलेय. देवाला सांगा, जागा भरली."

"तो वाम मासे पकडणारा? अगं, त्याच्या अंगाला माशांचा वास येतो!"

"आणि आपल्या घराला तेलाचा. झालं, तळणाची सोय झाली की!"

मी हसलो आणि मग मला रडू आले. आमच्या गावचा मोठा देव एरॉस, म्हणजे प्रेमाचा देव, नुसता अनघड दगडाचा तांदळा. त्याच्या डोळ्यांदेखत (डोळे नाहीत, तरी) माझी पोर देवळात कोंडायची?

कलम पाचवे. म्हणून जाहीर करतो की राजाची थोरली मुलगी ही लाम्पोनची मूळ आई, आणि आमची ती धाकटी. मान, मांडी आणि पुजारीण द्यायचे कर्तव्य आजपासून लाम्पोनच्या घराकडे. बाकी मृत्युपत्र मी मेल्यावर लागू होईल, हे कलम मात्र ताबडतोब. त्यासाठी मरत बसायला मला वेळ नाही.

हे वाचून दाखवल्यावर लाम्पोन अंगणात नाचला. कोंबड्या उडाल्या. मग तो मधेच थांबला. "अरे पण दामो... माझी गोर्गो?"

गोर्गो ही त्याची एकुलती एक. मागच्या खेपेला पाहायला आलेला नवरामुलगा तिने डुकरांच्या हौदात बसवला होता. कुंपणापलीकडून तिचा आवाज आला, "बाबा, मुकाट्यानं सही करा! स्वतंत्र घर, रोजचं मांस, आणि नवरा नाही! मी काय वेडी आहे नको म्हणायला?"

कलम सहावे. उत्सवाच्या दिवशी आमच्या चुलीवर वाम मासे शिजावेत. लाम्पोनकडून मांडीचा वास आला तर खिडकी लावून घ्यावी. मला पुरताना भाषणे नकोत. लाम्पोनने शिव्या दिल्या तर चालतील, सवय आहे.

साक्षीदार: लाम्पोन, थोरल्या वंशाचा. (सही करताना दोनदा नाक पुसले. आनंदाने, असे त्याचे म्हणणे.)

साक्षीदार: फिलेतास, कुंभार, हसून हसून बेजार, तरीही शुद्धीत.

तिसरी साक्ष तिमोची. बाईची साक्ष धरत नाहीत, असे लाम्पोन म्हणाला. ती म्हणाली, "मी देवळाकडून आलेय. सरक बाजूला," आणि मेणावर देवळाची मोहोर उठवली. मग काठी टेकत माझ्या कानाशी आली. "दामो, गोर्गो आली की मी मोकळी. पोरीच्या लग्नात नाचले तर चालेल ना रे?"

कलम सातवे, आयत्या वेळी घातलेले. तिमोला पहिल्या रांगेत नाचू द्यावे. काठी मी धरीन. त्यासाठी लग्न होईपर्यंत मी मरत नाही, याची संबंधितांनी नोंद घ्यावी.

मुक्काम थेस्पियाई, ऑलिव्ह उतरवण्याचा महिना, चौथ, हेराक्लिसचा दिवस.

दामोफिलोस, धाकट्या वंशाचा